पारिजात, शेफालिका व प्राजक्त : एका लहान प्रजातीच्या नांवाचा व कुलाचा विचार

पारिजात हें नांव आपल्या पोथ्यांत वारंवार आढळतें. पुराणें, काव्यें, कोश, निघंटु, वैद्यकाचीं बाडें व पूजाविधीच्या याद्या ह्या सर्वांत तें आहे. आणि तें वाचतांच अंगणांतील प्राजक्त आपल्या डोळ्यांपुढें उभा राहतो. हा समज कांहीं ठिकाणीं बरोबर आहे, कांहीं ठिकाणीं सर्वस्वीं चुकीचा आहे. पुराण ऐकणाराचें त्यानें फारसें बिघडत नाहीं. परंतु वैद्यकाच्या बाडांतील पाठ उतरून घेणारा, त्याचा मराठी अर्थ लिहिणारा, आणि त्या अर्थावर विसंबून पाला तोडणारा ह्या तिघांचें बिघडतें. सबब हें नांव कोठें कोणत्या वनस्पतीस लागतें, व ती वनस्पति आधुनिक शास्त्राच्या मतें कोणत्या कुलांतील आहे, ह्या दोन प्रश्नांचा विचार येथें करावयाचें योजिलें आहे. हे दोन प्रश्न एक नव्हेत. ते एक मानल्यामुळेंच पुष्कळ घोटाळा झाला आहे.

(१) वनस्पतीचें स्वरूप

प्रथम परिभाषा ठरवूं. सारख्या घडणीच्या व आपलाच वंश पुढें चालविणाऱ्या वनस्पतींच्या समूहास आम्ही येथें जाति म्हणतों. निकटच्या जातींच्या समूहास प्रजाति, व निकटच्या प्रजातींच्या समूहास कुल. ह्या परिभाषेनें प्राजक्ताची प्रजाति अगदीं लहान ठरते. तींत दोनच जाति मानितात : एक आपला प्राजक्त, व दुसरी थायलंडाकडील रानांत होणारी, जिला क्रेब ह्या वनस्पतिज्ञानें नांव दिलें.

प्राजक्त हें मोठें झुडूप किंवा लहानसा वृक्ष होय. हिमालयाचा पायथा व मध्य भारतांतील कोरडे डोंगरउतार येथें तो रानटी आढळतो. इतरत्र बहुधा लावलेला असतो. त्याच्या कोंवळ्या फांद्या चौकोनी असतात. पानें समोरासमोर येतात व राठ केसांमुळें इतकीं खरखरीत असतात कीं, लाकूड घासून गुळगुळीत करण्याकडे त्यांचा उपयोग करीत. फुलाच्या पाकळ्या पांढऱ्या, पांच ते आठ, व चक्राप्रमाणें एका अंगास वळलेल्या असतात; त्यांखालची नळी केशरी असते. पुंकेसर दोनच. फळ चपटें व गोलसर असून पिकल्यावर त्याचे दोन भाग होतात, व प्रत्येक भागांत एकेक बीं असतें. फुलें सायंकाळनंतर उमलतात व पहाटे गळतात. नळीचा रंग वस्त्रें रंगविण्याकडे लावीत. त्यांतील रंगद्रव्य केशरांतील रंगद्रव्याच्याच वर्गाचें आहे.

ह्यांतील चार लक्षणें वाचकांनीं ध्यानांत ठेवावीं : चौकोनी फांदी, खरखरीत पान, दोन पुंकेसर, व पहाटे गळणारें केशरी देठाचें फूल. पुढील सर्व वाद ह्या चारांभोंवतीं फिरतो.

(२) कोशांतील साक्ष

अमरकोशांत पारिजातक हें नांव दोन ठिकाणीं येतें. स्वर्गवर्गांत मंदार, पारिजातक, संतान, कल्पवृक्ष व हरिचंदन हे पांच देवतरु सांगितले आहेत. वनौषधिवर्गांत मात्र पारिभद्र, निंबतरु, मंदार व पारिजातक हीं एकाच पार्थिव वृक्षाचीं नांवें म्हणून दिलीं आहेत. हा वृक्ष प्राजक्त नव्हे. तो पांगारा होय. पळसाप्रमाणें त्रिदल पान, अंगावर कांटे, व वसंतांत निष्पर्ण फांद्यांवर येणारीं लालभडक फुलें हीं पांगाऱ्याचीं लक्षणें होत. प्राजक्तास कांटा नाहीं व त्याच्या फुलाची पाकळी लाल नाहीं. तेव्हां निघंटूंत पारिभद्राच्या सोबतीनें पारिजातक आला, तर तेथें पांगाराच घ्यावयास पाहिजे. ह्याच मालिकेंतील मंदार हें नांव मराठींत रुईला लागलें आहे, हेंही विसरूं नये. एका देवतरूचें नांव तीन-चार पार्थिव झाडांनीं वांटून घ्यावें, हें नवल नाहीं; ज्या गांवीं जें फूल देवास प्रिय, त्यास स्वर्गांतलें नांव मिळतें.

आतां शेफालिका पाहूं. अमरानें शेफालिकेचे पर्याय सुवहा, निर्गुंडी व नीलिका असे दिले आहेत; आणि तीच पांढरी असल्यास तीस श्वेतसुरसा व भूतवेशी म्हणावें, असें पुढें सांगितलें आहे. त्याच्या थोडें आधीं सिंदुवाराच्या पर्यायांतही निर्गुंडी येऊन गेलेली आहे. म्हणजे अमराची शेफालिका ही निर्गुंडीचाच एक भेद दिसते. नीलिका हें नांव निळसर फुलाच्या निर्गुंडीस शोभतें. प्राजक्तांत निळा रंग औषधालाही नाहीं.

काव्यांतील शेफालिका मात्र निराळी. ऋतुसंहारांत ती शरदृतूच्या वर्णनांत सुगंधी फुलांची म्हणून येते. राजशेखरानें काव्यमीमांसेंत कविसमयांचा विचार करतांना शेफालिकेच्या फुलांच्या गळण्याचा रात्रीशीं असलेला संबंध चर्चेस घेतला आहे. फुलांचें असें गळणें हें प्राजक्ताचें लक्षण आहे; निर्गुंडीस तें लावतां येत नाहीं. बंगालींत शेफालि, शिउली हीं नांवें आजही प्राजक्तासच आहेत. तेव्हां कोशाची शेफालिका एक व कवींची शेफालिका दुसरी, असें मानल्याशिवाय गत्यंतर नाहीं.

असें कां व्हावें, ह्याचें उत्तर राजनिघंटूच्या कर्त्यानेंच देऊन ठेविलें आहे. नरहरिपंडितानें वनस्पतींच्या नांवांचीं सात कारणें मोजलीं आहेत : रूढि, प्रभाव, देश्य उक्ति, लांछन म्हणजे अंगावरील चिन्ह, उपमा, वीर्य, आणि इतर वस्तूंवरून घेतलेलें नांव. आपण अर्थ स्पष्ट करण्यासाठीं कर्नाट व महाराष्ट्र भाषांचा उपयोग केल्याचेंही तो सांगतो. म्हणजे एकच नांव दोन वनस्पतींस प्रभावसाम्यानें लागूं शकतें, व एकाच वनस्पतीस देशपरत्वें चार नांवें पडूं शकतात, हें आमच्या निघंटुकारांस पूर्ण ठाऊक होतें. पर्यायांची यादी ही व्यवहाराची यादी होय. तिला वंशावळ समजणें हा दोष वाचणाराचा आहे.

(३) गोवें व मलबार येथील पुरावा

पारिजातक हें नांव प्राजक्तास केव्हां लागलें, हें केवळ पोथ्यांवरून सांगणें कठीण, कारण पोथींत नांव असतें, चित्र नसतें. येथें गोव्यांतील एक छापील ग्रंथ उपयोगी पडतो. गार्सिया द ऑर्ता ह्या पोर्तुगीज वैद्यानें औषधिविषयक संवादांचा ग्रंथ इ. स. १५६३ त गोव्यांत छापविला. त्याच्या एका संवादांत 'दुःखी वृक्षा'चें वर्णन आहे. फुलें रात्रीं उमलतात, दिवसा रहात नाहींत, त्यांच्या देठांनीं अन्नास केशरासारखा रंग येतो, असें तो सांगतो, व झाडाचें गोव्यांतील नांव 'परिझाटाको' असें देतो. हें आपलें पारिजातक, ह्यांत शंका नाहीं. लक्षणें व नांव एकत्र असल्यामुळें, सोळाव्या शतकाच्या मध्यास कोंकणपट्टींत पारिजातक म्हणजे प्राजक्त असा अर्थ रूढ होता, हें निश्चित कालासह सिद्ध होतें.

ऑर्तानें लोकांकडून ऐकलेली कथाही दिली आहे. पारिजातक नांवाच्या एका थोर पुरुषाची कन्या सूर्यावर अनुरक्त झाली. सूर्यानें तिचा त्याग केला. तिनें प्राण दिला. तिच्या रक्षेंतून हें झाड उगवलें, म्हणून त्याचीं फुलें सूर्याचें तोंड पाहत नाहींत. श्रीकृष्णानें स्वर्गांतून पारिजात आणला, ह्या पुराणप्रसिद्ध कथेहून ही अगदीं निराळी आहे. ऑर्ताच्या ग्रंथाचा लॅटिन संक्षेप क्लूसियसनें इ. स. १५६७ त प्रसिद्ध केला, व त्याच्याद्वारें ही लोककथा युरोपांतील पंडितांच्या हातीं गेली. शास्त्रीय नांवांत पुढें 'दुःखी वृक्ष' हे शब्द कायम राहिले, त्याचें मूळ ह्या गोमंतकीय कथेंत आहे.

दुसरा पुरावा मलबारचा. डच अधिकारी व्हान ऱ्हीड ह्यानें सिद्ध करविलेल्या 'हॉर्टस मलबारिकस' ग्रंथाचा पहिला भाग इ. स. १६७८ त निघाला. त्यांत प्राजक्ताचें चित्र 'मंज-पू-मरम' ह्या अर्थाच्या मलबारी नांवाखालीं आहे. त्याचा अर्थ पिवळ्या फुलाचें झाड. नांव देणाराची दृष्टि येथेंही देठाच्या रंगावरच गेली. हा भाग आमच्या वाचकांस आणखी एका कारणास्तव महत्त्वाचा आहे. रंगभट, विनायक पंडित व आपुभट ह्या तीन कोंकणी वैद्यांचें इ. स. १६७५ चें साक्षपत्र त्यांत नागरी अक्षरांत कोरून छापिलें आहे. आपण निघंटूच्या आधारें नांवें व गुण सांगितले, असा त्याचा आशय आहे. एतद्देशीय निघंटूची पोथी, वैद्यांचें ज्ञान व प्रत्यक्ष झाडाचें चित्र हीं तीन येथें एका ठिकाणीं आलीं. असा योग आमच्या स्वतःच्या पोथ्यांत क्वचितच येतो.

(४) कुलाचा वाद

इ. स. १७५३ त लिनीअसनें आपल्या 'वनस्पतींच्या जाति' ह्या ग्रंथांत हें झाड घेतलें. प्रजातीस त्यानें 'निक्टँथस' म्हणजे निशापुष्पा असें ग्रीक शब्दांवरून नांव दिलें, व जातीस 'आर्बर-ट्रिस्टिस' म्हणजे दुःखी वृक्ष हें जुनेंच नांव ठेविलें. त्याची पद्धति पुंकेसर मोजण्याची होती. दोन पुंकेसर म्हणून प्राजक्त द्विकेसर वर्गांत गेला. आणि मोगराही दोन पुंकेसरांचा व रात्रीं दरवळणारा, म्हणून तोही ह्याच प्रजातींत बसविला गेला. इ. स. १७८९ त एटननें मोगऱ्यास जाईजुईच्या प्रजातींत हलविलें, तें स्थान आजतागायत कायम आहे.

मोगरा गेला तरी शेजार राहिला. पुढील शतकांत प्राजक्त हा जाईजुईचा नातलग म्हणून ऑलिव्हच्या कुलांत, म्हणजे ओलिएसी ह्या कुलांत, गणला जात असे. हूकरच्या 'फ्लोरा ऑफ ब्रिटिश इंडिया'च्या इ. स. १८८२ च्या तिसऱ्या भागांत व कुकच्या मुंबई इलाख्याच्या वनस्पतिग्रंथांत हीच व्यवस्था आहे.

दरम्यान संस्कृत नांवाचा घोटाळा युरोपीय लेखनांतही शिरला होता. सर विल्यम जोन्स ह्याच्या, इ. स. १७९५ त 'एशियाटिक रिसर्चेस'च्या चवथ्या भागांत निघालेल्या वनस्पतिविषयक लेखांत, प्राजक्त हा शेफालिका नांवाखालीं आहे, व अमराचे सुवहा, निर्गुंडी, नीलिका हे पर्याय त्यास जोडले आहेत. कवींची शेफालिका व कोशाची शेफालिका येथें एक झाली. पुढील कित्येक कोशांत प्राजक्तापुढें निर्गुंडी हा पर्याय दिसतो, त्याचा उगम अशा जोडणींत शोधावा.

इ. स. १९५२ त क्यू येथील एअरी शॉ ह्यानें ही व्यवस्था मोडली. चौकोनी फांद्या, खरखरीत पानें, फळाची व बीजांडाची घडण हीं लक्षणें जाईजुईशीं जुळत नाहींत, असें पाहून त्यानें प्राजक्त व्हर्बिनेसी कुलांत नेला. थायलंडांतील 'डायमेट्रा' नांवाची प्रजाति, जिचें वर्णन कर ह्यानें इ. स. १९३८ त केलें होतें, तीही त्यानें प्राजक्ताबरोबर तेथें बसविली. दुसऱ्या कांहींनीं प्राजक्तास स्वतंत्र कुल देऊन वाद टाळला.

आतां गंमत अशी कीं, निर्गुंडी ही त्या काळीं व्हर्बिनेसी कुलांतच गणली जात असे. अमरानें शेफालिका व निर्गुंडी एकत्र म्हटली, आणि चौदाशें वर्षांनीं क्यूच्या पंडितानें प्राजक्त निर्गुंडीच्या कुलांत नेला! आमच्या प्राचीनांस हें नातें आधींच ठाऊक होतें, असें म्हणण्याचा मोह येथें सहज होतो. हा मोह आवरला पाहिजे. एक तर अमराची शेफालिका प्राजक्तच होती, हें वर पाहिल्याप्रमाणें सिद्ध होत नाहीं. दुसरें, पर्याय देणें म्हणजे कुल सांगणें नव्हे. आणि तिसरें, एअरी शॉचें मतही टिकलें नाहीं.

इ. स. २००० मध्यें वॉलांडर व आल्बर्ट ह्यांनीं ऑलिव्हच्या संपूर्ण कुलाची नव्यानें मांडणी केली. त्यांनीं बाह्य लक्षणांवर न विसंबतां वनस्पतींच्या हरितलवकांतील डी. एन. ए. ह्या आनुवंशिक द्रव्याचे दोन भाग अनेक प्रजातींत ताडून पाहिले. निर्णय असा निघाला : प्राजक्त ऑलिव्हच्या कुलांतलाच, परंतु जाईजुईच्या शाखेंतला नव्हे. त्या कुलाच्या पांच शाखा त्यांनीं केल्या. त्यांपैकीं एकींत प्राजक्त, डायमेट्रा व 'मिक्सोपायरम' ह्या तीन प्रजाति येतात. ह्या मिक्सोपायरमची एक वेल पश्चिम घाटाच्या दक्षिण भागांत होते, व तिला मल्याळींत चतुरमुल्ला, म्हणजे चौकोनी जाई, असें म्हणतात. तिचें खोड चौकोनी असतें! ज्या चौकोनी फांदीमुळें प्राजक्त परक्या कुलांत घातला गेला, तें लक्षण त्याच्या खऱ्या नातलगांतच होतें; फक्त तिकडे पाहिलें गेलें नव्हतें. निर्गुंडीही पुढें व्हर्बिनेसींतून निघून तुळशीच्या कुलांत गेली. प्राजक्त व निर्गुंडी ह्यांचें निकट नातें आतां कोणत्याही मतें उरलें नाहीं.

लिनीअस एका लक्षणावर चालला. नंतरच्यांनीं चारपांच लक्षणें घेतलीं, पण तीं कोणाशीं ताडावयाचीं, तें क्षेत्र अपुरें ठेविलें. अनेक स्वतंत्र साक्षी जुळल्या, तेव्हां निर्णय स्थिर झाला. पोथीच्या पाठनिर्णयाचा नियम ह्याहून वेगळा नाहीं.

(५) पोथीसंग्राहकांस

ह्या सर्वाचा आमच्या कामाशीं संबंध काय, तें एका उदाहरणानें सांगतों. चक्रपाणिदत्ताच्या चिकित्साग्रंथांत गृध्रसी ह्या व्याधीवर शेफालिकेच्या पानांचा मंदाग्नीवर केलेला काढा सांगितला आहे. गृध्रसी म्हणजे कमरेपासून पायांत उतरणारी कळ. आतां ही शेफालिका कोणती? अमरकोश हातीं घेऊन अर्थ करणारा महाराष्ट्रीय लेखक येथें निर्गुंडी लिहील, आणि निर्गुंडीही वातविकारांत प्रसिद्ध असल्यामुळें कोणास शंकाही येणार नाहीं. परंतु चक्रपाणि हा अकराव्या शतकांतील बंगालचा ग्रंथकार. त्या देशांत शेफालि म्हणजे प्राजक्त. देश पाहतां येथें प्राजक्ताचा पक्ष बलवत्तर ठरतो. अर्थ लिहिणाराच्या एका शब्दानें रोग्याच्या काढ्यांत दुसऱ्याच झाडाचा पाला पडावयाचा, इतकें ह्यांत गुंतलेलें आहे.

म्हणून ज्यांच्या संग्रहीं निघंटु, वैद्यकाचीं बाडें किंवा औषधांच्या याद्या असतील, त्यांस आमची विनंति येणेंप्रमाणें आहे :

पहिली, पारिजात, पारिभद्र, शेफालिका, निर्गुंडी, सुवहा, नीलिका हीं नांवें पोथींत जशीं असतील तशीं उतरावीं. प्राजक्त हा परिचित शब्द मूळ पाठांत घालूं नये. आपला अर्थ खालीं निराळा द्यावा.

दुसरी, समासांतील व ओळींवरील टिपा अवश्य उतराव्या. मूळ ग्रंथ काशींत किंवा काश्मिरांत झालेला असला, तरी टीप लिहिणारा वैद्य आपल्या गांवचें झाड पाहून लिहीत असे. 'पांगारा', 'निगडी', 'पारिजातक', 'खुरसळी' असा एक शब्द समासांत सांपडला, तर त्याचें मोल पानभर पर्यायांहून अधिक आहे. खुरसळी हेंही प्राजक्ताचें एक जुनें मराठी नांव असल्यामुळें तें पाहून लेखनदोष समजूं नये.

तिसरी, पोथीचा लेखक, लेखनस्थळ व शक हीं समाप्तिलेखांत असतील तर नांवाबरोबर तींही द्यावीं. ऑर्ताचा पुरावा उपयोगी पडतो तो त्यास स्थळ व साल आहे म्हणून. आमच्या बाडांनाही तीच कसोटी लागणार.

चवथी, संदर्भांत फुलाचा रंग, कांटा, पानाचा स्पर्श, ऋतु किंवा फूल गळण्याची वेळ ह्यांपैकीं कांहीं आलें असल्यास तें वेगळें टिपावें. लाल फूल व कांटा आला तर पांगारा, निळसर तुरा आला तर निर्गुंडी, शरदांत पहाटे गळणारें फूल किंवा केशरी देठ आला तर प्राजक्त, असा निर्णय मग फारसा अवघड रहात नाहीं. ह्यांपैकीं कांहींच नसेल, तर नांव संदिग्ध म्हणून तसेंच ठेवावें.

गोवें व दक्षिण कोंकण येथील वैद्यघराण्यांच्या बाडांत ऑर्ताच्या आगेंमागें लिहिलेला, पारिजातक ह्या नांवावर मराठी किंवा कोंकणी टीप असलेला एखादा निघंटु निघाल्यास, हें नांव प्राजक्तास केव्हां व कोणत्या प्रांतांत लागलें, ह्या प्रश्नाची एक पायरी आपण वर चढूं. असें बाड ज्यांच्या पाहण्यांत येईल, त्यांनीं त्या पानाची हुबेहूब नक्कल, स्थळ व शक ह्यांसह, त्रैमासिकाकडे पाठविण्याची कृपा करावी.